चारशे वर्षांची कमान

२०१८ साली मी एकोणसत्तर वर्षांचा होतो आणि अर्धी पृथ्वी ओलांडून एका म्हाताऱ्याचं गाव बघायला गेलो. म्हातारा ऐंशीला टेकलेला. गाव क्रोएशिया देशातलं, समुद्राच्या काठाचं, चारी बाजूंनी तट असलेलं. गावाचं नाव मी लिहिणार नाही आणि म्हाताऱ्याचंही नाही. तिथं मराठी वाचणारं कोणी असेल असं वाटत नाही, पण दगडाच्या कामात एक सवय लागते. जे झाकायचं ते नीट झाकायचं.

मी चौथीपर्यंत शिकलेला पाथरवट. सातारा जिल्ह्यात जाती नि पाटे-वरवंटे घडवण्यापासून सुरुवात केली, मग देवळांचे खांब, घाटाच्या पायऱ्या, समाध्यांचे चौथरे. मुलगी औषधांचं शिकून न्यूझीलंडला गेली. बायको वारली तेव्हा तिने मलाही तिकडे नेलं. ख्राइस्टचर्चमध्ये रिकार्टन म्हणून भाग आहे, तिथं तिचं घर. आपली दुकानं पायाशी, ज्वारीच्या पिठापासून मेथीच्या जुडीपर्यंत सगळं मिळतं. काम तेवढं मिळत नव्हतं. मुलगी नि जावई सकाळी निघून जायचे आणि मी हीटरजवळ. चार महिन्यांत माझ्या हाताचे घट्टे गेले. एक दिवस तळहात बघितला तर कारकुनाचा वाटला.

म्हातारा आमच्यापासून चार गल्ल्यांवर राहायचा, डेअरीच्या शेजारी. इकडे कोपऱ्यावरच्या कुठल्याही दुकानाला डेअरी म्हणतात. २०११च्या मोठ्या भूकंपात त्याच्या घरापुढची दगडी भिंत पडली होती. भूकंपाला चार वर्षं होऊन गेली तरी तो ती बांधतच होता. कमरेपर्यंत आणायचा. मग रस्त्याच्या पलीकडे खुर्ची टाकून बसायचा, तासभर बघायचा, आणि दुसऱ्या दिवशी पाडायला घ्यायचा. खालच्या थरातला एक दगड आवडला नाही म्हणून वरचे चार थर उतरवायचा. कौन्सिलची माणसं येऊन सांगून गेली. शेजारीण केक घेऊन येऊन विनवून गेली. त्याने केक खाल्ला आणि भिंत पाडली.

मी रोज फिरायला जाताना थांबून बघायचो. आठ दिवस बोललो नाही. नवव्या दिवशी त्याने एक पांढरा दगड उभा बसवला. आता दगड खाणीत ज्या अंगावर झोपलेला असतो, त्याच अंगावर त्याला भिंतीत झोपवायचा असतो, नाहीतर पाच-दहा पावसाळ्यांत त्याचे पापुद्रे सुटतात. हे मला माझ्या बापाने कान पिळून शिकवलेलं. मी सरळ फाटक उघडून आत गेलो, दगड काढला, फिरवला आणि बसवला. म्हाताऱ्याने माझ्या कोपराला धरून मला फाटकाबाहेर आणून सोडलं.

दुसऱ्या दिवशी गेलो तर दगड मी ठेवला होता तसाच होता. त्याने माझ्याकडे न बघता हनुवटीने आत ये म्हणून खूण केली. झालं. त्या दिवसापासून सात वर्षं, तो हातोडा धरू शकत होता तोपर्यंत, आम्ही बरोबर काम केलं. आसपासच्या टेकडीवर लोकांची मोठमोठी घरं आहेत, त्यांच्या अंगणातल्या भिंती, पायऱ्या, कुठं पडलेलं धुराडं. मला इंग्रजी येत नव्हतं म्हटलं तरी चालेल आणि त्याचं साठ वर्षं इथं राहूनही तिरपागडंच होतं, त्यामुळे आमचं छान जमलं. तो मला मेट म्हणायचा, म्हणजे दोस्त. मी त्याला मिस्त्री म्हणायचो. मिस्त्री म्हणजे काय, असं त्याने एकदा विचारलं. जो दुसऱ्याला शिव्या देऊ शकतो तो, असं मी सांगितलं. मग त्याने तो शब्द ठेवून घेतला.

त्याच्या तऱ्हा सांगायच्या तर वही पुरणार नाही. गाडीतून दगड उतरला की पहिल्यांदा त्याच्यावर हात ठेवून किया ओरा म्हणायचा, म्हणजे तिकडच्या माओरी लोकांचा रामराम, मग टिचकी मारून कान लावायचा. आवाज बद्द आला तर तो दगड परत गाडीत. बारा महिने पायात जँडल, म्हणजे आपली स्पंजची चप्पल. थंडीत दहिवर गोठलेलं असताना सुद्धा. दोन बोटांना नखं नव्हती आणि ती कुठल्या कुठल्या कामावर गेली ते तो अभिमानाने सांगायचा. दुपारी ब्रेडवर खारवलेले मासे आणि कच्चा लसूण. मी भाकरी नि ठेचा काढला की माझा ठेचा तो बोटाने चाटायचा, डोळ्यांतून पाणी काढायचा आणि म्हणायचा, हे खाऊन तुम्ही लोक सरळ रेषा कशी मारता?

मापाची फीत त्याने कधी वापरली नाही. गाठी मारलेली सुतळी वापरायचा. पण सगळ्यात मोठी तऱ्हा ही, की कामाचं कौतुक केलेलं त्याला खपायचं नाही. एका बाईने तिच्या अंगणातली भिंत बघून ब्यूटिफुल म्हटलं. म्हातारा दिवसभर घुश्शात. संध्याकाळी मला म्हणाला, थांबून बघावंसं वाटलं म्हणजे काहीतरी चुकलं. भिंत अशी हवी की माणूस तिच्याकडे न बघता पुढे गेला पाहिजे, जसा तो डोंगराकडे न बघता जातो.

मला हे पटायचं नाही. मी माझ्या कामावर नाव कोरणारा माणूस. आमच्याकडच्या एका घाटाच्या सातव्या पायरीवर माझं नाव आहे, जाऊन बघा. आणि माझी नजर चुकत नाही, हेही मी तेव्हा कुणालाही सांगायचो. एका कंत्राटदाराने किडका दगड चांगला म्हण म्हणून सांगितलं, तेव्हा चालू काम सोडून उठून आलो होतो. मुलगी म्हणते, अण्णा, तुम्ही आयुष्यात एकदा तरी चुकलं म्हणा, मी पेढे वाटीन. मी म्हणतो, चुकू दे की आधी.

रविवारी म्हाताऱ्याचा एक निराळाच नाद असायचा. शहरात पाहुण्यांना पायी हिंडवून माहिती देणारे गाइड असतात ना, त्यांच्या फेऱ्यांना तो जायचा. पन्नास वर्षं ज्या शहरात राहिला ते शहर तिकीट काढून बघायचा. टोपी डोळ्यांवर ओढून सगळ्यांच्या मागे उभा राहायचा. गाइड काही चुकीचं बोलला तरी दुरुस्त करायचा नाही. फक्त प्रत्येक इमारतीपाशी एकच प्रश्न विचारायचा, हे किती जुनं? उत्तर काहीही येवो, लहान पोरागत खूष. मला बळंच न्यायचा. एका रविवारी आम्ही एकच फेरी सकाळी नि दुपारी अशी दोनदा केली, कारण गाइड बदलला होता आणि दुसरा काय आकडा सांगतो ते त्याला ऐकायचं होतं. दहा वर्षांचा फरक आला. परत येताना बसमध्ये हसून हसून त्याला ठसका लागला. मी म्हटलं, वय झालं, डोकं फिरलंय.

तो गेला त्याला आता तीन वर्षं झाली. शेवटचा महिना हॉस्पिटलात होता. तिथं आपली एक मराठी नर्स होती, नाशिककडची, तिने मला सांगितलं की आजोबा भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला गावाकडच्या एका कमानीची गोष्ट सांगतात. किती जुनी म्हणाल, तर चारशे वर्षं. गाइड तसंच सांगतात, असं म्हणून स्वतःशीच हसतात. मी तिला म्हटलं, हसू दे त्याला. त्याच्या घराच्या नव्या मालकाने ती भिंत पांढऱ्या रंगाने रंगवली. मी त्या गल्लीने जायचं सोडून दिलं.

तर ती कमान.

दर चार-पाच वर्षांनी तो बहिणीला भेटायला गावी जायचा. २०१८ला म्हणाला, मेट, या वेळी तू पण ये. मी विचारलं कशाला? तर म्हणाला, दगड बघायला. मुलीने विरोध केला. अण्णा, बीपी आहे, भाषा येत नाही, तिथं काही झालं तर कोण बघेल? मी जितका विरोध होईल तितका पक्का होत जातो, हे तिला या वयातही कळलेलं नाही. शेवटी तिने गोळ्यांचे वारांप्रमाणे डबे भरून दिले, प्रत्येकावर मराठीत वार लिहून, आणि जावयाने फोनमध्ये सगळे नंबर घालून दिले.

गाव बघितलं आणि मी हातातली पिशवी खाली ठेवली. सगळं गाव दगडाचं. रस्ता दगडाचा, तो सुद्धा पायांनी घासून घासून असा गुळगुळीत की घरातल्या पाट्यासारखा. तटावरून बघितलं की खाली निळं पाणी आणि मध्ये खापरी कौलांची दाटी. गल्ल्या इतक्या अरुंद की दोन्ही हात पसरले तर दोन्ही घरांना लागतात. वर दोऱ्यांवर कपडे वाळत घातलेले, खाली पायऱ्यांवर मांजरं. मोटारी नाहीत. दगडावर टाकी चालवणाऱ्या माणसाला याहून काय पाहिजे?

बहिणीकडे पोचलो त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी म्हाताऱ्याने मला वेशीवर नेलं आणि दोन तिकिटं काढली. पायी फेरीची. मी म्हटलं, मिस्त्री, तुमचा जन्म इथला, आणि इथं पण गाइड? त्याने तोंडावर बोट ठेवलं. त्याने मला बजावलं की आजच्या दिवस तो या गावचा नाही, न्यूझीलंडचा पाहुणा आहे. तिथली भाषाही बोलला नाही, इंग्रजीच बोलत राहिला. टोपी डोळ्यांवर.

गाइड एक तिशीच्या आतबाहेरची मुलगी होती. हातात स्वैपाकाचा लाकडी लांब डाव, त्याला पिवळी फीत बांधलेली, तो उंच धरला की आम्ही सगळे तिच्या मागे. काही जर्मन, दोन ऑस्ट्रेलियन जोडपी, एक कोरियन कुटुंब आणि आम्ही दोघं. बोलायची झरझर, पण मन लावून. खोटं वाटेल असं काही सांगायची नाही. पाण्याचा जुना हौद दाखवला, एकाच काट्याचं घड्याळ असलेला बुरूज दाखवला, चर्चच्या दारावरचे सिंह दाखवले. म्हातारा मला तिचं बोलणं सोपं करून सांगत होता. मी प्रत्येक भिंतीला हात लावत होतो. तिने दोनदा हसून टोकलं, मी दोनदा हात काढला आणि तिची पाठ वळल्यावर परत लावला. एक गोष्ट मला तेव्हा कळली नाही, ती आता लिहिताना दिसते. म्हातारा इमारतींकडे बघतच नव्हता. तो सारखा माझ्या तोंडाकडे बघत होता.

मासळी बाजाराच्या मागच्या गल्लीत दोन घरांच्या मध्ये एक कमान होती. फार मोठी नाही, हातगाडी जाईल एवढी. गाइडने सांगितलं की एका जहाजाच्या कप्तानाने मुलीच्या लग्नात ही बांधली. तेव्हापासून वादळं झाली, लढाया झाल्या, भूकंप झाला, पण कमानीला कुणी हात लावलेला नाही.

मागून म्हाताऱ्याचा आवाज आला, हे किती जुनं? आवाज नेहमीचा नव्हता.

चारशे वर्षं, ती म्हणाली.

मी तोपर्यंत कमानीच्या डाव्या खांबावर हात ठेवला होता. हात ठेवला आणि मला हसू आलं. मी मोठ्याने म्हटलं, "नो मॅडम. धिस साइड न्यू. फाइव्ह स्टोन न्यू. फिफ्टी, सिक्स्टी इयर."

सगळे वळले. तिने विचारलं, तुम्हाला कसं कळलं? माझं इंग्रजी तेवढं नव्हतं, पण हात होते. मी तिला जवळ बोलावलं आणि तिचं बोट धरून उजव्या बाजूच्या दोन दगडांमधल्या सांध्यात तिचं नख घातलं. गेलं. मग डाव्या बाजूला. जाईना. मी पाची दगड एकेक करून दाखवले. ऑस्ट्रेलियन मंडळींनी टाळ्या वाजवल्या. एकाने माझा फोटो काढला. मी फुगलो, खोटं कशाला बोलू. आयुष्यभर नाव कोरत आलेल्या माणसाला त्या परक्या गावात टाळ्या मिळाल्या होत्या.

गाइड मुलीने वही काढली आणि लिहून घेतलं. डाव्या खांबाचे फोटो काढले. म्हणाली, गावात जुन्या वास्तूंचं एक ऑफिस आहे, उद्या फेरी झाली की तिथं जाऊन सांगते, ते येऊन तपासतील. इतकी वर्षं आम्ही चुकीचं सांगत होतो की काय, म्हणाली. वाईट वाटलं तिला, पण आनंदही झाला. चांगली गाइड होती.

ती पुढे निघाली आणि मी आणखी एकदा मजेने त्या दगडांकडे बघितलं. तेव्हा घाव दिसले. दगड तासताना टाकीचे घाव तिरपे पडतात. उजव्या हाताने मारले की एका अंगाला झुकतात, डाव्याने मारले की दुसऱ्या. त्या पाच दगडांवरचे घाव डाव्या हाताचे होते. म्हातारा डावखुरा होता, हे सांगायचं राहिलंच. त्याचे घाव मी तोवर तीन-चार वर्षं रोज बघत होतो. मी ते दहा हजार दगडांत ओळखले असते.

मागे बघितलं. तो गल्लीच्या तोंडाशी उभा होता आणि आपल्या जँडलकडे बघत होता. मग बाकीची फेरी न करता घराकडे चालायला लागला. मीही त्याच्या मागे गेलो, दहा पावलं अंतर ठेवून.

दुपारी बहिणीच्या अंगणात अंजिराच्या झाडाखाली तो मासे साफ करत बसला. बहीण आत चुलीपाशी. मी समोरच्या पायरीवर.

मग त्याने विचारलं, "किती वेळ लागला तुला?"

"हात ठेवला तेवढाच."

"कशावरून? रंगावरून?"

"रंग बरोबर आहे. सांध्यावरून. जुन्या बाजूला नख जातं, तुमच्या बाजूला जात नाही."

तुमच्या म्हटल्यावर त्याने वर बघितलं आणि परत मान खाली घातली.

"म्हणजे काम जास्त चांगलं झालं."

"दुपटीने चांगलं झालंय, मिस्त्री. त्या जुन्या लोकांना असा सांधा जमलाच नसता."

"हेच माझा वस्ताद म्हणाला होता," तो म्हणाला. "पोरा, तू चांगला कारागीर दिसायला बघतोयस. त्यांच्याइतकं वाईट कर. मी एकोणीस वर्षांचा होतो. वाईट करवलं नाही."

मग त्याने सगळं सांगितलं. गावच्या लोकांनीच गटारासाठी खणताना त्या खांबाच्या पायाशी घाव घातला आणि हिवाळ्यात एका पहाटे कमान ढासळली. वरिष्ठांना कळलं तर नोकऱ्या जातील म्हणून गावच्या कारभाऱ्यांनी वस्तादाला बोलावलं. गल्लीला फळ्या ठोकल्या आणि वसंत ऋतूच्या आत कमान होती तशी उभी करायला सांगितली. वस्ताद आणि तीन पोरं. बाकीचे दगड वापरता आले, डाव्या खांबाचे पाच फुटले होते. ते पाचही याने घडवले. वर राख, काजळी, समुद्रातलं शेवाळ चोळलं. वस्तादाने स्वतःसकट चौघांना शपथ घातली की कधी कुणाला सांगायचं नाही, मरेपर्यंत. बाकी तिघं पाळून मेले. हा न्यूझीलंडला गेला आणि दर खेपेला परत येऊन तिकीट काढून त्या फेरीत उभा राहिला. प्राध्यापक येऊन गेले, पुस्तकं लिहिणारे येऊन गेले. साठ वर्षांत प्रत्येक गाइडने सांगितलं, चारशे वर्षं. त्याला हीच शाबासकी होती. दुसरी त्याने कधी घेतलीच नाही.

"पारखायचा तू एकटा राहिला होतास," तो म्हणाला. "म्हटलं, तुझ्या नजरेतून सुटली तर झालं. मग इथं परत यायला नको."

मी बोललो ते हे, की खरं ते मी सांगितलं. तो म्हणाला, हो, खरंच सांगितलंस. रागावला नव्हता. रागावला असता तर मला बरं वाटलं असतं, आमची भांडायची सवय होती. एवढंच म्हणाला की आता ऑफिसची माणसं येतील आणि पाटी लावतील, अमुक साली दुरुस्त. "पाटी लागली की कमान कोणी बघत नाही, मेट. पाटी वाचतात." मग मासे उचलून आत गेला. जेवताना माझ्या ताटात मोठा तुकडा वाढला आणि स्वतः जेवला नाही. बहीण त्यांच्या भाषेत काहीतरी रागे भरली. माझ्याकडे बघूनच भरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी लवकर उठलो. अंघोळ केली, मुलीने इस्त्री करून दिलेला सदरा घातला, मंगळवारच्या डब्यातली गोळी घेतली. म्हातारा झोपलेला होता. बहिणीला हाताने सांगितलं की फिरून येतो. वेशीवर जाऊन एकट्याने तिकीट मागितलं, पहिल्यांदाच.

कालचीच मुलगी होती. मला बघून तिचा चेहरा उजळला. तिने सगळ्या नव्या लोकांना माझी ओळख करून दिली, हे भारतातले मोठे दगडी कारागीर, यांनी काल आमच्या गावातली एक गोष्ट शोधून काढली, आज ते तुम्हालाही दाखवतील. लोक माझ्याकडे आदराने बघायला लागले. कमानीपर्यंतचा रस्ता मला आदल्या दिवसापेक्षा फार लांब वाटला.

कमानीपाशी तिने मला पुढे बोलावलं. मी डाव्या खांबावर हात ठेवला. नख घातलं. खाली वाकून बघितलं, चष्मा काढून बघितलं, चष्मा लावून बघितलं. एकोणीस वर्षांच्या पोराने काय सांधा बसवला होता. मग मी म्हटलं, "सॉरी मॅडम. यस्टरडे माय मिस्टेक. ऑल ओल्ड."

ती म्हणाली, पण नख जात नाही ना? काल तुम्हीच दाखवलंत.

मी वर बोट दाखवलं, घराचं छप्पर डाव्या बाजूवर पुढे आलं होतं. म्हटलं, इकडे पाऊस लागत नाही, म्हणून सांधा शाबूत राहिला. तिकडे पाण्याने खाल्ला. काल माझ्या लक्षात आलं नाही. वय झालं, डोळे गेले. हे मी इंग्रजीत आणि हातांनी कसं सांगितलं ते मलाच ठाऊक, पण सांगितलं.

मग तिने वही काढली, कालची ओळ शोधली आणि तिच्यावर रेघ मारली. लोकांकडे वळून म्हणाली, चारशे वर्षं. गर्दीतला एक माणूस दुसऱ्याला हळूच काहीतरी म्हणाला आणि दोघं हसले. कशाला ते मला कळलं. मी मान खाली घातली नाही, पण वरही फार केली नाही.

तिकीट काढलेलं होतं, म्हणून उरलेली फेरीही पुरी केली. घड्याळाच्या बुरुजाखाली ती थांबली आणि माझी जरा गंमत करावी म्हणून तिने सगळ्यांदेखत विचारलं, हा बुरूज किती जुना असेल, काका, सांगा बघू?

मला त्यातलं काही कळत नाही बाई, मी म्हटलं. तुम्हीच सांगा.